मुदतीनंतरचें अपील

दावा हरलेल्या पक्षकारास वरच्या न्यायालयाकडे दाद मागतां येते, पण ती ठराविक दिवसांच्या आंत. आपल्याकडे उच्च न्यायालयांत नेण्याच्या दिवाणी अपिलास ९० दिवस व इतर न्यायालयांतील अपिलास ३० दिवस अशी मुदत आहे. निकालाची नक्कल मिळण्यास लागणारा काळ त्यांतून वजा होतो. ही मुदत टळली कीं, निकाल चुकीचा असला तरी तो कायम होतो. हें कठोर वाटतें खरें. परंतु ज्यानें दावा जिंकला, त्यालाही आपलें घर, आपलें शेत कधीं तरी निर्धास्तपणें आपलें म्हणतां आलें पाहिजे. या दोन न्याय्य अपेक्षांचा तोल कसा राखावा, हा आपल्या न्यायालयांपुढील जुना प्रश्न आहे.

कंपनी सरकारच्या अमलांत मुदतीचे नियम प्रांतोप्रांतीं निराळे होते. मुंबई इलाख्यासाठीं १८२७ चें पांचवें रेग्युलेशन होतें. १८५९ च्या कायद्यानें दाव्यांच्या मुदतींत एकसूत्रीपणा आणला. १८७१ च्या कायद्यानें अपिलांनाही त्यांत स्थान दिलें आणि ‘पुरेसें कारण’ असल्याची न्यायालयाची खात्री पटल्यास उशिरा आलेलें अपीलही दाखल करून घेण्याची मुभा ठेविली. पुढें १८७७, १९०८ आणि १९६३ सालीं कायदे बदलले, पण हे दोन शब्द टिकले. पुरेसें म्हणजे किती, हें मात्र कोणत्याच कायद्यानें सांगितलें नाहीं.

तें सांगण्याचें काम न्यायाधीशांवर पडलें. पक्षकाराची हयगय किंवा अप्रामाणिकपणा नसेल तेथें या शब्दांचा अर्थ उदारपणें करावा, असें मद्रासच्या उच्च न्यायालयानें १८९० च्या सुमारास ठरविलें. तरीही १९५५ सालीं रीवा कोलफील्ड्सच्या खटल्यांत अवघ्या एका दिवसाचा उशीर पक्षकारांना भोंवला. ऐन शेवटीं त्यांच्यापैकीं एक जण आजारी पडला होता. आजार खोटा आहे, असें कोणी म्हटलें नाहीं. पण आधींच्या इतक्या दिवसांत अपील कां केलें नाहीं, असें विचारून तें फेटाळण्यांत आलें. सर्वोच्च न्यायालयांत न्यायमूर्ति प्र. बा. गजेंद्रगडकर यांनीं ही चूक दुरुस्त केली. मुदतीच्या शेवटच्या दिवसापर्यंत थांबणें हा पक्षकाराचा हक्कच आहे; खुलासा हवा तो त्यापुढील उशिराचा, असा त्यांच्या निर्णयाचा आशय होता. मात्र कारण पुरेसें ठरलें तरी उशीर माफ करणें न्यायालयाच्या विवेकावरच अवलंबून राहतें, हेंही त्यांनीं बजाविलें.

१९८७ सालीं अनंतनागच्या भूसंपादन प्रकरणांत सर्वोच्च न्यायालय आणखी पुढें गेलें. सरकारी अपिलास चार दिवसांचा उशीर झाला होता. प्रत्येक दिवसाचा हिशेब मागायचा, तर मग प्रत्येक तासाचा आणि क्षणाचा कां नको, असें विचारून न्यायालयानें कीस काढण्याच्या वृत्तीस आळा घातला.

या उदारतेचा लाभ आळसानेंही घ्यावा, हें ओघानेंच आलें. २०१२ सालीं टपाल खात्याचें अपील ४२७ दिवस उशिरा आलें. कागद या टेबलावरून त्या टेबलावर फिरत राहिले, एवढेंच कारण. तें न्यायालयानें मानलें नाहीं; मुदतीचा कायदा सरकारलाही बांधतो, असें सांगितलें.

तेव्हां श्रोतेहो, उशीर किती दिवसांचा, यापेक्षां तो कशामुळें झाला, हें अधिक महत्त्वाचें. आजारी मनुष्याचा एक दिवस माफ होऊं शकतो. निष्काळजी कचेरीचें वर्ष माफ होत नाहीं. दया आणि शिस्त यांचा हा मेळ आंकड्यांनीं घालतां येत नाहीं, म्हणूनच कायद्यानें तो न्यायाधीशाच्या विवेकावर सोंपविला आहे.