चित्रकार वासुदेव संतू गायतोंडे : चरित्र आणि साधनें

पोथ्या, ताम्रपट व बखरी यांच्या चर्चेस वाहिलेल्या या पृष्ठांत एका आधुनिक चित्रकाराचें नांव पाहून कित्येक वाचकांस आश्चर्य वाटेल. परंतु कै. वासुदेव संतू गायतोंडे यांच्या चरित्राचा प्रश्न हा मुख्यतः साधनांचा प्रश्न आहे, आणि साधनें जपणें हें तर आपणां सर्वांचें व्रत. गायतोंडे मितभाषी होते. स्वतःच्या कलेविषयीं त्यांनीं अत्यल्प सांगितलें, व पुष्कळ चित्रांस नांवही दिलें नाहीं. अशा पुरुषाचें चरित्र लिहूं पाहणारास सह्या, तारखा, प्रदर्शनांच्या सूची आणि स्नेह्यांच्या आठवणी यांवरच विसंबावें लागतें.

त्यांचा जन्म २ नोव्हेंबर १९२४ रोजीं नागपुरास झाला. वर्ध्याहून नागपूर तें काय दूर. त्यामुळें आम्हां वैदर्भीयांस ते आपले वाटावे हें स्वाभाविक आहे. तथापि सत्यास स्मरून हेंही सांगितलें पाहिजे कीं, त्यांचे आईबाप मूळचे गोव्याचे, आणि त्यांची जडणघडण झाली ती मुंबईंत, गिरगांवांत. केवळ जन्मस्थानाच्या आधारावर याहून अधिक हक्क सांगणें संशोधकास शोभणार नाहीं.

सर जमशेटजी जीजीभाई कलाशाळेंतून १९४८ सालीं त्यांनीं पदविका मिळविली. १९४७ सालीं स्थापन झालेल्या प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुपमध्यें पुढें त्यांचा समावेश झाला, आणि १९५७ सालीं तोकियो येथील तरुण आशियाई चित्रकारांच्या प्रदर्शनांत त्यांस पारितोषिक लाभलें. हस्तलिखितसंग्राहकांनीं लक्षांत ठेवण्याजोगी गोष्ट अशी कीं, त्यांच्या आरंभीच्या आकृतिप्रधान चित्रांवर जैन पोथ्यांतील लघुचित्रांची छाया आहे. सपाट रंगक्षेत्रें व ठाशीव रेषा हीं तेथूनच आलीं. पुढें पॉल क्ले या युरोपीय चित्रकाराच्या चित्रांचा त्यांनीं अभ्यास केला, आणि १९६० च्या सुमारास त्यांच्या चित्रांतून मनुष्याकृति नाहींशी झाली.

येथें एका वादाचा विचार करणें प्राप्त आहे. गायतोंडे यांस 'अमूर्त अभिव्यक्तिवादी' म्हणण्याचा प्रघात आहे. हें नांव दुसऱ्या महायुद्धानंतर न्यूयॉर्क येथें उदयास आलेल्या पोलॉक, रॉथ्को प्रभृति चित्रकारांच्या पंथाचें. गायतोंडे १९६४ सालीं रॉकफेलर निधीच्या शिष्यवृत्तीवर न्यूयॉर्कला गेले व तेथें रॉथ्को यांस भेटले, एवढ्यावरून त्यांची शैली अमेरिकेहून आणलेली, असें अनुमान कित्येक जण करितात. कालानुक्रम या अनुमानाच्या विरुद्ध आहे. न्यूयॉर्कच्या आधुनिक कला संग्रहालयांत असलेलें त्यांचें चित्र १९६२ सालचें आहे. शिवाय मॉरिस ग्रेव्हज हा अमेरिकन चित्रकार १९६३ सालीं भारतांत आला असतां गायतोंडे यांचीं चित्रें पाहून प्रभावित झाला होता. म्हणजे प्रवासापूर्वींच मार्ग निश्चित झाला होता. भेटीनें तो दृढ झाला असेल, इतकेंच म्हणतां येईल. स्वतः गायतोंडे आपल्या कलेस 'अमूर्त' हें विशेषण लावूं देत नसत. ती 'वस्तुनिरपेक्ष' आहे, असें त्यांचें म्हणणें. झेन विचार व निसर्गदत्त महाराजांची शिकवण यांकडे त्यांच्या मनाची ओढ होती, हें ध्यानांत घेतां अंतःक्षोभाच्या उद्रेकास प्राधान्य देणाऱ्या पंथाचें नांव त्यांस शोभत नाहीं, असें आमचें मत आहे.

कामसूत्राच्या जयमंगला टीकेंत चित्राचीं सहा अंगें सांगितलीं आहेत. त्यांपैकीं रूपभेद व सादृश्य यांचा गायतोंडे यांनीं त्याग केला. पण वर्णिकाभंग, म्हणजे रंगयोजनेचें कौशल्य, पराकोटीस नेलें. रूळ व रंगपट्टीची सुरी यांनीं ते रंगाचे थर पसरीत व खरवडीत. कागदाचे तुकडे वापरून रंग उठवीत. खालच्या थरांतून जो प्रकाश वर येतो, तो या सावकाश पद्धतीचें फळ होय.

१९७१ सालीं त्यांस पद्मश्री मिळाली व १९७२ सालीं ते दिल्लीस राहावयास गेले. १९८४ सालच्या अपघातानंतर मोठ्या चित्रफलकांचें काम कांहीं वर्षें खुंटलें. त्या काळांत त्यांनीं कागदावर शाईचीं रेखाटनें केलीं. १० ऑगस्ट २००१ रोजीं ते निवर्तले.

मरणोत्तर कीर्ति मात्र अफाट झाली. न्यूयॉर्कच्या गुगेनहाइम संग्रहालयानें २०१४ सालीं त्यांचें समग्र प्रदर्शन भरविलें. २०१३ सालीं मुंबईच्या लिलावांत त्यांचें एक चित्र सुमारें २३ कोटि ७० लक्ष रुपयांस गेलें. २०२१ सालीं दुसरें सुमारें ४० कोटींस. जेथें मोल चढतें तेथें बनावट माल येतो, हें ताम्रपटांच्या अनुभवानें आपण जाणतोंच. ज्या चित्रांत ओळखावयास आकृति नाहीं, नांव नाहीं, त्यांचा खरेखोटेपणा ठरविणें तर अधिकच कठीण.

म्हणूनच आमची संग्राहकांस एक विनंति आहे. गायतोंडे पुष्कळ चित्रांच्या पाठीमागें देवनागरींत व इंग्रजींत सही करून साल घालीत. ही त्या चित्राची पुष्पिकाच होय. ग्रंथाचें शेवटचें पान फाटल्यास लेखकाचें नांव व लेखनशक जसा जातो, तसेंच चित्रास नवें अस्तर लावितांना ही सही झांकली गेल्यास त्याचा पुरावा जातो. आमच्या पवनारास वाकाटककालीन शिल्पें आहेत; तीं घडविणाऱ्यांचीं नांवें आज कोणासही ठाऊक नाहींत. पण ज्यानें आपलें नांव स्वहस्तें लिहून ठेविलें, त्याचें तें आपल्या हयगयीनें नष्ट व्हावें, हें क्षम्य नाहीं. ज्यांच्या घरीं त्यांचें चित्र, रेखाटन, पत्र किंवा एखादी प्रदर्शनाची निमंत्रणपत्रिका असेल, त्यांनीं ती जतन करावी. चित्राच्या दोन्ही बाजूंचीं छायाचित्रें घ्यावीं. तें कोणाकडून व कोणत्या सालीं आलें तें टिपून ठेवावें. ज्यांनीं गायतोंडे यांस पाहिलें त्यांची पिढी सरत चालली आहे. त्यांच्या आठवणीही आतांच, तारखांसह, उतरवून घेतल्या पाहिजेत.