गोदावरीच्या अलीकडे अर्धी फौज, पलीकडे अर्धी

आजचा एपिसोड राक्षसभुवनच्या लढाईवर आहे, पण सुरुवात माझ्याच मूर्खपणापासून करतो.

मागच्या पावसाळ्यात आम्ही सातजण सौताड्याला गेलो होतो. धबधब्याच्या वरच्या अंगाला ओढा लागला. चौघं पार झालो आणि पाणी चढलं. तिघं अलीकडेच राहिले. म्हशी राखणारे एक बाबा ओरडले, "थांबा रे पोरांनो, उतरंल पाणी!" आम्ही काय करत होतो? मोबाईल बघत होतो. प्लॅनमध्ये एक वाजता जेवण होतं ना! तिघांतला एकजण पाण्यात उतरलाच. पाय सुटला. खाली बाभळीची फांदी हाताला लागली म्हणून वाचला. तिथून पुढं सरळ कडा आहे.

घरी येताना मला विठ्ठल सुंदर आठवला. निजाम अलीचा दिवाण. 10 ऑगस्ट 1763, गेवराई तालुक्यातलं राक्षसभुवन. निजाम औरंगाबादकडं निघाला होता आणि वाटेत गोदावरी, तीही ऑगस्टातली. निजाम काही फौज घेऊन पलीकडं गेला. विठ्ठल सुंदर उरलेल्या फौजेसह या तीरावर. मधे पूर. तेवढ्यात माधवराव आणि राघोबादादा येऊन धडकले.

लढाई एकतर्फी नव्हती हं. राघोबादादांचा हत्ती घेरला गेला होता. अठरा वर्षांचे माधवराव मदतीला धावले. शेवटी विठ्ठल सुंदर पडला. निजाम पलीकडच्या तीरावर होता, पण पुरामुळं काही करू शकला नाही. पुढं तहात 82 लाखांचा मुलूख द्यावा लागला.

आता मराठ्यांकडं बघा. पानिपतला जेमतेम अडीच वर्षं झाली होती. तिथं बायका, यात्रेकरू, जड तोफा सगळं बरोबर घेऊन लढले होते. यावेळी समोरासमोर भिडायचं टाळलं आणि निजामाचा मुलूख लुटत फिरले. तिकडं निजामानं पुणं लुटलं, जाळलं. राजधानी जळते म्हणून ठरलेलं सोडून धावत परतणं सोपं होतं. ते परतले नाहीत. पुणेकरांनी त्याची किंमत मोजली, हे मात्र आपण विजयाच्या गोष्टीत पटकन विसरतो. निजामाबरोबर गेलेले नागपूरचे जानोजी भोसलेही लढाईआधी फुटले, तेही यांनी जुनं वैर न धरता सामावून घेतलं.

विठ्ठल सुंदरच्या डोक्यात काय होतं, कोण सांगणार? माझा अंदाज एवढाच, की पावसाळ्यात शत्रू अंगावर येत नसतो, दसऱ्यानंतर बघू, हा त्या काळचा हिशोब त्यानं पक्का धरला असावा.

आमच्या ग्रुपवर पुढच्या ट्रेकचा प्लॅन आलाय. जेवण एक वाजता. बाभळीला लटकलेल्यानंच टाकलाय.