एका मिनिटाचा मूकपट

चित्रपटाला अद्याप वाचा फुटली नव्हती, त्या काळातली ही हकिकत आहे. १९०१ सालच्या फेब्रुवारीत अमेरिकेतील थॉमस एडिसन यांच्या कंपनीने ‘कॅन्सस सलून स्मॅशर्स’ नावाचा एक मूकपट काढला. एडविन पोर्टर आणि जॉर्ज फ्लेमिंग हे त्याचे कर्ते. येथे सलून म्हणजे केशकर्तनालय नव्हे, तर दारूचा गुत्ता. या मिनिटभराच्या पटात काही स्त्रिया कुऱ्हाडी घेऊन गुत्त्यात शिरतात आणि आरसे, बाटल्या फोडू लागतात. गुत्तेवाला त्यांच्यावर सोड्याचा फवारा उडवतो. शेवटी पोलीस धावून येतात आणि त्या स्त्रियांना बाहेर हुसकावतात. प्रेक्षकांना हसवावे एवढाच त्यामागील हेतू होता.

ही थट्टा कॅरी नेशन नामक एका स्त्रीची होती. ७ जून १९०० रोजी तिने कॅन्सस राज्यातील कायोवा गावचे गुत्ते दगडांनी फोडले. त्याच वर्षी २७ डिसेंबरला तिने विचिटा शहरातील एका हॉटेलच्या मद्यगृहाची नासधूस केली, तेव्हा तिची रवानगी तुरुंगात झाली.

या कथेतील खरी विसंगती मात्र पटात दिसत नाही. कॅन्ससमध्ये १८८१ पासून कायद्याने दारूबंदी होती. म्हणजे जे गुत्ते ती फोडीत होती, ते मुळातच बेकायदा होते. तरीही ते उजळ माथ्याने चालत आणि बेड्या पडत त्या फोडणाऱ्या बाईला!

दारूने संसाराची कशी धूळधाण होते, हे तिने स्वतः भोगले होते. तिचा पहिला पती, डॉक्टर चार्ल्स ग्लॉइड, व्यसनापायी १८६९ साली वारला. त्या वेळी तिचे वय अवघे बावीस वर्षांचे होते आणि पदरी एक तान्ही मुलगी होती.

तिचा मार्ग योग्य होता, असे कोणी म्हणणार नाही. कुऱ्हाडीने बाटल्या फुटतात, व्यसन सुटत नाही. १९११ साली ती निवर्तली. पुढे १९२० मध्ये साऱ्या अमेरिकेत दारूबंदी आली आणि १९३३ मध्ये ती उठलीही. कायदाही एकटा पुरा पडला नाही.

तो मूकपट आजही जतन केलेला आहे. तो पाहताना आजही हसू येते. परंतु कॅमेरा गुत्त्यातच उभा होता. त्या बाईला तिथवर आणणारे घर त्याच्या कक्षेत आलेच नाही. वाचकहो, व्यसनाची गोष्ट आपण ऐकतो, तेव्हा त्या घराकडेही आपली नजर जायला हवी.