पोवाड्यातले लग्नघर

बावधनच्या टेकड्यांपासून सिंहगड फार दूर नाही. त्या गडाची कथा न ऐकलेले मूल या परिसरात क्वचितच सापडेल. तथापि तुळशीदास शाहिराचा तानाजीचा पोवाडा आपण केवळ लढाईचे गाणे म्हणून ऐकतो. आमच्या मते तो तितकाच एका घराचेही गाणे आहे, आणि त्यातील खरा प्रश्न गडावर नव्हे, घरात सुटतो.

इतिहासाची हकीकत थोडक्यात अशी. १६६५ च्या पुरंदरच्या तहात शिवाजी महाराजांना २३ किल्ले मोगलांस द्यावे लागले, त्यांत कोंढाणा होता. १६७० मध्ये पुन्हा युद्ध पेटले. त्या वर्षीच्या ४ फेब्रुवारीच्या रात्री गड हाती आला व तानाजी मालुसरे कामास आले. सतराव्या शतकाच्या अखेरीस बखर लिहिणाऱ्या सभासदाला हा प्रसंग सांगताना तानाजी, त्यांचा भाऊ सूर्याजी आणि किल्लेदार उदेभान यांच्यापलीकडे फारशी माणसे लागत नाहीत. शाहिराला मात्र तेवढ्याने भागत नाही. त्याच्या पोवाड्यात जिजाबाई प्रतापगडावर केस विंचरताना कोंढाणा पाहतात, मुलाला बोलावून सोंगट्यांचा डाव मांडतात आणि जिंकल्यावर गड मागतात. इकडे उमरठ्याला रायबाच्या लग्नाची तयारी चाललेली, तिथे स्वारीचा निरोप येतो. ऐंशी वर्षांचे शेलारमामाही भाच्याबरोबर निघतात. राजकारण आईच्या मागणीत येते आणि युद्ध लग्नमांडवात.

हे आपल्याच शाहिरांनी केले असे नाही. ७७८ साली पिरेनीज पर्वतात फ्रँकांचा राजा शार्लमेन याच्या सैन्याची पिछाडी कापली गेली. त्याचा चरित्रकार आइनहार्ड मृतांमध्ये रोलाँचे नाव देतो, तो ब्रिटनीच्या सीमेवरचा अधिकारी होता एवढेच सांगतो. सुमारे ११०० साली रचलेल्या फ्रेंच वीरकाव्यात तोच रोलाँ राजाचा भाचा होतो. त्याचा घात करणारा गानलाँ त्याचा सावत्र बाप असतो. जिवलग मित्र ऑलिव्हिए याची बहीण ओद हिच्याशी त्याचा वाङ्‌निश्चय झालेला असतो.

तहाची कलमे व सरहद्दीचे तंटे गावच्या श्रोत्यांना काय उमजणार? मामा-भाचा, भाऊ, लग्न ही नाती मात्र प्रत्येकाच्या घरची. म्हणून शाहीर मोठी घटना घरात आणतो, हे खरेच. परंतु एवढ्याने समाधान होत नाही. दोन्ही काव्यांत स्वारीने एक लग्न अडते, याकडे लक्ष द्यावे. वडीलधारी माणसे ठरवतात आणि तरुणाचे आयुष्य खोळंबते. मग लढाई संपली तरी काव्य संपत नाही; कारण देणे उरलेले असते.

शार्लमेन परततो तेव्हा ओद त्याला रोलाँविषयी विचारते. राजा रोलाँच्या जागी आपला मुलगा लुई देऊ करतो. ती नाकारते आणि तिथेच प्राण सोडते. सम्राटाजवळ राज्य आहे, पण हे देणे फेडण्याजोगे काही नाही. आपल्या पोवाड्यात महाराज स्वतः रायबाचे लग्न लावून देतात. बापाची जागा राजा घेतो आणि थांबलेला मांडव पुन्हा उभा राहतो. रायबाला बाप काही परत मिळत नाही. पण ज्याच्या कामासाठी बाप गेला, त्याने पाठ फिरवली नाही, एवढे त्याला मिळते.

शेलारमामा, सोंगट्या, लग्न यांतले प्रत्येक पाऊल इतिहास म्हणून घेता येणार नाही, हे अभ्यासकाने सांगितलेच पाहिजे. पण जे घडले नसेल तेही शाहिराने का घातले, हा प्रश्न इतिहासाचाच आहे. घरच्या कर्त्या पुरुषाचे प्राण मागणाऱ्या राज्याकडून लोकांची अपेक्षा काय होती, ते त्यातून कळते. गड घेतल्याने राजा मोठा झाला, असे बखरीवरून म्हणता येईल. पोवाडा आणखी एक कसोटी लावतो: मागे राहिलेल्या पोराचे काय केले?

रणात पडलेल्यांची नावे आपण आदराने घेतो, चौकांना देतो. त्यांच्या घरी अडलेली लग्ने, राहिलेली शिक्षणे यांचा हिशेब मात्र सहसा कुणी विचारत नाही. शाहिराने तो विचारला होता.