वेलीवरची सफरचंदे : एका पदार्थाचा आणि एका शब्दाचा इतिहास

पाककृतींच्या पुस्तकांकडे साहित्याचा अभ्यासक सहसा वळत नाही. वाक्ये आज्ञार्थी, निवेदक अदृश्य, हेतू निव्वळ व्यावहारिक. मग त्यांत वाचायचे काय? आम्हांला मात्र असे वाटते की, समाज स्वतःविषयी जे उघड बोलत नाही, ते अशा पुस्तकांत नकळत नोंदले जाते. अमेरिकेच्या ईशान्येकडील न्यू इंग्लंड या प्रदेशात शरद ऋतूत केले जाणारे स्क्वॉश आणि सफरचंद यांचे गोड कॅसरोल या दृष्टीने वाचण्याजोगे आहे.

कृती साधीच. लाल भोपळ्याच्या कुळातील, कठीण सालीचा स्क्वॉश सोलून त्याचे काप करायचे, सफरचंदाच्या फोडींसह खोलगट भांड्यात त्यांचे थर लावायचे, वर लोणी, साखर, जायफळ घालून ओव्हनमध्ये मऊ होईतो भाजायचे. ‘कॅसरोल’ हे मुळात भांड्याचे फ्रेंच नाव. तेच पुढे पदार्थाला मिळाले. (आपल्याकडे हा शब्द पोळ्यांच्या डब्यापाशी येऊन थांबला.)

या जोडीचा एक जुना छापील पुरावा १७९६ साली हार्टफर्ड येथे प्रसिद्ध झालेल्या ‘अमेरिकन कुकरी’ या पुस्तकात सापडतो. अमेरिकन व्यक्तीने लिहिलेले, अमेरिकेत छापलेले हे पहिले पाकपुस्तक मानले जाते. लेखिका अमेलिया सिमन्स मुखपृष्ठावर स्वतःची ओळख ‘अमेरिकन अनाथ’ अशी करून देते. तिच्या स्क्वॉश पुडिंगमध्ये शिजवलेल्या स्क्वॉशात सहा मोठी सफरचंदे, पाच-सहा अंडी, दूध किंवा साय, गुलाबपाणी, वाइन आणि जायफळ पडते. गुलाबपाणी व जायफळ ही इंग्रजी स्वयंपाकघराची सवय. स्क्वॉश मात्र अमेरिकेच्या भूमीतला. स्वातंत्र्यानंतर वीस वर्षांनी एक नवे राष्ट्र स्वतःची चव शब्दांत मांडू पाहत होते, असे म्हणता येईल.

परंतु या मीलनाची दुसरी बाजूही पाहिली पाहिजे. सफरचंदाचे मूळ मध्य आशियातील तिएनशान पर्वतराजीत. ते युरोपमार्गे सतराव्या शतकातील इंग्रज वसाहतवाल्यांबरोबर न्यू इंग्लंडमध्ये आले. उलट, स्क्वॉशच्या कुळाची लागवड मेक्सिकोत सुमारे १०,००० वर्षांपूर्वी सुरू झाली होती, आणि न्यू इंग्लंडमधील मूळ रहिवासी मका, घेवडा व स्क्वॉश एकाच शेतात वाढवीत होते. सिमन्सच्या पुस्तकात मक्याच्या पदार्थांना ‘इंडियन’ हे विशेषण उरले आहे. स्क्वॉशच्या पुडिंगला ते नाही.

तेथे साक्ष उरते ती केवळ शब्दाची. रॉजर विल्यम्स यांनी १६४३ साली नॅरागॅन्सेट भाषेविषयीचे आपले पुस्तक लंडनमध्ये छापले. त्यात ‘अस्कुटास्क्वॉश’ हा शब्द येतो, आणि त्याचा अर्थ ते वेलीवर लागणारी सफरचंदे असा समजावतात. म्हणजे ही दोन फळे भांड्यात एकत्र येण्यापूर्वीच भाषांतरात एकत्र आली होती! मूळ शब्दाचा संबंध कच्चे खाण्याशी आहे आणि त्याच्या अखेरीचा ‘अश’ हा अनेकवचनाचा प्रत्यय आहे. इंग्रजीने शब्दाचा पुढचा भाग गाळला व उरलेले अनेकवचन एकवचन म्हणून वापरले.

शब्द घेतला गेला. बोलणाऱ्यांचे काय झाले? डिसेंबर १६७५ मध्ये वसाहतींच्या सैन्याने नॅरागॅन्सेटांच्या दलदलीतील गढीवर हल्ला करून ती जाळली. शेकडो माणसे मारली गेली. त्यांत स्त्रिया, मुले व वृद्ध मोठ्या संख्येने होते. हिवाळ्याची बेगमीही जळाली. १८८० साली ऱ्होड आयलंड राज्याने ही जमात कायद्याने विसर्जित केली. संघराज्याची मान्यता तिला १९८३ साली मिळाली. दरम्यान तिची भाषा बोलण्यातून गेली होती, आणि आज तिच्या अभ्यासाचा एक मुख्य आधार विल्यम्स यांचेच पुस्तक आहे.

आपला लाल भोपळाही अमेरिका खंडातूनच आलेला. पण वीणेला लागणाऱ्या फळाचे ‘भोपळा’ हे जुने नाव मराठीने या पाहुण्यालाही दिले, आणि म्हातारीला पोटात घेऊन जंगलातून धावणारा आमच्या लोककथेतला भोपळा आम्हांला पूर्णतः घरचा वाटतो. मराठीत वस्तू आली आणि तिचे नाव मागे राहिले. इंग्रजीत नाव राहिले आणि ते देणारी माणसे हुसकली गेली. कोशात ‘स्क्वॉश’ या नोंदीपुढे व्युत्पत्ती म्हणून ‘नॅरागॅन्सेट’ एवढेच लिहिलेले असते. त्या एका शब्दाशी विद्यार्थ्यांना थोडे थांबवणे, हे भाषेच्या शिक्षकाचे काम आहे असे आम्ही मानतो.