२४ फेब्रुवारी : शांता आपटे स्मृतिदिन

१९६४ साली आजच्या दिवशी अभिनेत्री-गायिका शांता आपटे यांचे निधन झाले. ना. ह. आपटे यांच्या ‘न पटणारी गोष्ट’ या कादंबरीवरचा, व्ही. शांताराम दिग्दर्शित ‘कुंकू’ (१९३७) हा प्रभात फिल्म कंपनीचा चित्रपट म्हणजे त्यांच्या कारकिर्दीचे शिखर. मामाने फसवून म्हाताऱ्या विधुराशी लग्न लावलेली त्यातली नीरा घर सोडत नाही. पण नवऱ्याला नवरा मानायला मात्र ठाम नकार देते. तिचा झगडा शेजारघरातला वाटतो, तो शांताबाईंच्या रोखठोक नजरेमुळे. पार्श्वसंगीत टाळून शांतारामांनी नैसर्गिक आवाजांवर भर दिला, त्यामुळे त्या घराची घुसमट अंगावर येते. आदल्याच वर्षी जपानमध्ये दिग्दर्शक केंजी मिझोगुचींच्या ‘ओसाका एलेजी’ या चित्रपटातली टेलिफोन ऑपरेटर तरुणी वडिलांच्या कर्जापायी स्वतःला पणाला लावत होती. नीरा त्या वाटेने जात नाही, हे मला फार मोलाचे वाटते. पडद्याबाहेरही शांताबाई तशाच होत्या. करारावरून वाद झाला तेव्हा, १९३९ मध्ये, त्यांनी प्रभातच्या फाटकापाशीच उपोषण मांडले. पुढच्या वर्षी ‘जाऊ मी सिनेमात?’ हे पुस्तक लिहून त्यांनी चित्रपटधंद्यातले अनुभव परखडपणे मांडले.