'येशिलचाम' चित्रपटांतील वर्गभेद आणि प्रेमकथा

तुर्की चित्रपटसृष्टीच्या इतिहासात साधारणतः 1950 ते 1980 हा कालखंड 'येशिलचाम' या नावाने ओळखला जातो. इस्तंबूलच्या बेयोलू भागातील ज्या रस्त्यावर निर्मात्यांची कार्यालये एकवटली होती, त्या रस्त्याचे हे नाव होय. 1948 साली देशी चित्रपटांवरील करमणूक कर परदेशी चित्रपटांच्या तुलनेत बराच कमी करण्यात आला आणि या व्यवसायाला बळ मिळाले. 1972 मध्ये तर एका वर्षात सुमारे 300 चित्रपट तयार झाले. त्यांपैकी कितीतरी चित्रपटांच्या मुळाशी एकच कथा आढळते : गरीब मुलगी आणि श्रीमंत तरुण, किंवा त्याच्या उलट. या कथांकडे केवळ स्वप्नरंजन म्हणून पाहणे अपुरे ठरते. दोन वर्गांमधील अंतर कापण्याची किंमत त्यांत कोण मोजतो, हा प्रश्न येथे महत्त्वाचा आहे.

या कथेला प्रेक्षक कोठून मिळाला, हे प्रथम पाहावे लागते. 1950 नंतर अनातोलियातील खेड्यांतून शहरांकडे स्थलांतराची लाट आली. इस्तंबूल प्रांताची लोकसंख्या 1950 मधील सुमारे 12 लाखांवरून 1980 मध्ये 47 लाखांवर गेली. शहराच्या कडेला 'गेजेकोंडू', म्हणजे एका रात्रीत उभारलेल्या घरांच्या वस्त्या पसरल्या आणि तेथील माणसाला बॉस्फरसकाठचे वाडे रोज दुरून दिसू लागले. राज कपूर यांचा 'आवारा' (1951) तुर्कस्तानात 'अवारे' या नावाने प्रचंड गाजला, तो याच काळात. न्यायाधीशाने टाकलेला मुलगा आणि वकील नायिका यांची ही कथा तेथील प्रेक्षकाला परकी वाटली नाही. 1964 मध्ये तिचे तुर्की रूपांतरही झाले.

वर्गसंघर्ष उघडपणे मांडण्यास मात्र वाव नव्हता. 1939 च्या नियमावलीनुसार नेमलेल्या परीक्षण समितीत पोलीस व लष्कर यांचे प्रतिनिधी असत आणि राजकीय वा आर्थिक विचारसरणीचा प्रचार निषिद्ध होता. संपाबद्दल बोलता येत नव्हते. प्रेमाबद्दल येत होते. दुसरे बंधन बाजाराचे. अदाना, इझमीर, सामसून आदी ठिकाणचे प्रादेशिक वितरक निर्मात्यांना आगाऊ पैसे देत आणि कोणते नट-नटी हवेत, कथा कशी हवी, हेही सांगत. समितीला न दुखावणारी आणि वितरकाला खपणारी अशी ही प्रेमकथा होती.

तिचा रूढ साचा 'केझबान'मध्ये (1968) स्पष्ट दिसतो. मुअज्जेज ताहसिन बेर्कान्द यांच्या कादंबरीवर आधारित, ओरहान अक्सोय दिग्दर्शित या चित्रपटात हुल्या कोचयीत हिने साधीभोळी ग्रामीण मुलगी रंगविली आहे. शहरी श्रीमंतांच्या घरात तिचे हसे होते. ती पोशाख, चालणे-बोलणे शिकते आणि मग प्रेमास पात्र ठरते. श्रीमंत नायकाला फारसे काही शिकावे लागत नाही, फार तर पश्चात्ताप करावा लागतो. ध्वनीचा भागही येथे विसरता येत नाही. त्या काळी चित्रीकरण आवाजाविना होई आणि संवाद नंतर, बहुधा रंगभूमीवरील प्रशिक्षित कलावंतांच्या आवाजात भरले जात. त्यामुळे पडद्यावरची मोलकरीणही अनेकदा सफाईदार इस्तंबुली तुर्कीच बोले. नायिकेचे रूपांतर घडण्यापूर्वीच तिचा आवाज वरच्या वर्गात जाऊन बसलेला असे!

1970 च्या दशकात सूर बदलला. एर्गिन ओरबे यांच्या 'बिझिम आयले'मध्ये (1975) कामगार कुटुंबातील मुलगा आणि कारखानदाराची मुलगी प्रेमात पडतात. कारखानदार या कुटुंबाला जेरीस आणतो. तेव्हा म्युनिर ओझकुल यांनी साकारलेला यशार उस्ता त्याच्या कचेरीत जाऊन त्याला खडे बोल सुनावतो. तो रीतभात शिकायला गेलेला नसतो, हे विशेष. तथापि हेही खरे की त्याचा सारा युक्तिवाद मजुरीचा नसून कुटुंबाच्या अब्रूचा आहे.

या साच्यालाच नकार देणारा चित्रपट मात्र त्याच्या दहा वर्षे आधी येऊन गेला होता. मेतिन एर्कसान यांच्या 'सेव्हमेक झामानी'मध्ये (1965) हालील हा रंगारी बुयुकादा बेटावरील बंगल्यात काम करताना भिंतीवरील मेरालच्या छायाचित्राच्या प्रेमात पडतो. श्रीमंत मेराल स्वतः त्याच्याकडे येते, तेव्हा तो तिला टाळतो. छायाचित्र त्याला कधीच तुच्छ लेखणार नाही. तिच्याबद्दल ही खात्री त्याला देता येत नाही. येथे गरीब माणूस बदलत नाही, उपकृत होत नाही, आपले अंतर जपतो. शेवटी तो स्वीकार करतो, तेव्हा मेरालचा श्रीमंत वाग्दत्त दोघांनाही गोळ्या घालतो. अनेक अभ्यासकांनी पुढे तुर्की चित्रपटांतील श्रेष्ठ कृतींत या चित्रपटाची गणना केली. निर्मितीच्या काळात त्याला चित्रपटगृहात नियमित प्रदर्शन लाभले नाही.